चेंडू सरकला म्हणे

मित्रांनो, मला जुना म्हणायला हरकत नाही. माझ्या मुठीवरचा काळा रंग उडाला आहे, जाळीला एका बाजूनं पोचा आला आहे आणि वायरीवर इतक्या चिकटपट्ट्या चढल्या आहेत की मूळ वायर कुठली, हे मलाही सांगता यायचं नाही. मी गोल्फच्या स्पर्धांमध्ये समालोचकाच्या हातात असणारा माइक आहे. सभेत ओरडायचा असतो तो मी नव्हे. माझ्या कडेला एक पट्टी आहे. ती वरच्या ओठाला टेकवायची आणि अगदी हळू बोलायचं. गोल्फमध्ये खेळाडू चेंडूपाशी उभा राहिला की पाखरानंसुद्धा गप्प बसावं अशी अपेक्षा असते, म्हणून समालोचकाला कुजबुजावं लागतं. कुजबुज म्हणजे मायेचंच बोलणं, असा लहानपणी माझा समज होता. तो फार दिवस टिकला नाही.

माझा जन्म एका लहानशा कारखान्यात झाला. माझ्या पोटात धातूचा एक पापुद्रा आहे, कांद्याच्या सालीहून पातळ. तो चुंबकांच्या मधे टांगताना तिथली कारागीर बाई श्वास रोखून धरायची, कारण तिच्या फुंकरीनंही तो फाटला असता. काम झालं की ती चार हात लांब जायची आणि मगच सुस्कारा टाकायची. इतक्या हळुवार हातांतून मी जगात आलो, आणि पडलो कुणाच्या हाती, तर ताईच्या!

शेवटच्या होलच्या शेजारी, लोखंडी पायांवर उभारलेल्या लाकडी खोलीत आमचं काम चाले. एक लांब खिडकी, दोन खुर्च्या, एक छोटा टीव्ही आणि चहाचा थर्मास. एका खुर्चीत कप्तान बसायचा. एके काळचा नावाजलेला खेळाडू. आता पोट सुटलेलं, आणि काम एकच, ताईच्या बोलण्याला हसायचं. दुसऱ्या खुर्चीत ताई. सगळं मैदान तिला ताईच म्हणे.

ती बोलायची मात्र झकास, हे मला नाकबूल करता येत नाही. खेळ रेंगाळला की ती टूरवरच्या, म्हणजे मोसमभर गावोगाव चालणाऱ्या स्पर्धांच्या फेरीतल्या, बातम्या सांगायची. "आपल्या सर्वांत संथ खेळाडूचं लग्न ठरता ठरता राहिलं हो. मुलीकडच्यांनी विचारलं, मुलगी पसंत आहे का? आणि ह्याचा अजून सरावाचा स्विंगच चाललेला!" हिरवळीभोवतीचे प्रेक्षक छोटे रेडिओ कानाला लावून उभे असत. आवाज करायची सोय नाही, म्हणून ते तोंड दाबून हसत आणि त्यांचे खांदे गदगदा हलत. वर्तमानपत्रं ताईचं कौतुक करत. माझंही छायाचित्र छापून यायचं, अर्थात तिच्या ओठांसकट.

पण मित्रांनो, तिची सर्वांत धारदार थट्टा एकाच खेळाडूसाठी राखून ठेवलेली असे. ती म्हणजे धाकटी, ताईची सख्खी बहीण.

धाकटीच्या हातात पहिली काठी ताईनंच दिली होती. पुढे धाकटी टूरवर आली, तेव्हा तिची काठ्यांची बॅग खांद्यावर घेऊन ताईच मैदानभर हिंडायची. वारा कुठून आहे, काठी कुठली घ्यायची, सगळं ताई सांगायची. मग एका स्पर्धेत, भर मैदानात, शेकडो लोकांसमोर धाकटी म्हणाली, "बॅग ह्यांच्याकडे दे. तू फार बोलतेस." आणि धाकटीच्या नवऱ्यानं ताईच्या खांद्यावरून पट्टा काढून घेतला. लोकांच्या नजरा झेलत ताई एकटी परत चालत आली. पुढच्या मोसमात तिनं मला हातात घेतलं. हे सगळं ती कप्तानला पुन्हा पुन्हा सांगायची, म्हणून मला पाठ आहे.

तेव्हापासून बहिणींमध्ये शब्द नव्हता. जो होता तो माझ्यातून जायचा. "हिनं बॅग वाहायला नवरा ठेवलाय. चेंडू शोधायला आता सासरची बाकी मंडळी बोलवावी लागणार!" लोक हसायचे. मला मात्र तिच्या तोंडाची वाफ नकोशी व्हायची. माझ्या मुठीवर एक लाल बटण आहे. ते दाबून धरलं की आवाज बाहेर जात नाही. खोकला आला तर तेवढ्यापुरती सोय. ताई ते दाबून खोकत नसे. "कार्टी," म्हणायची. "मिजासखोर. पड आता तोंडावर." आणि कधी कधी त्याच दातओठ खाण्यात, "खांदा खाली घे ना गं, मूर्ख!" असंही म्हणायची. जग तिची गंमत ऐकत असे आणि मी हे.

मोसमाची शेवटची स्पर्धा आली. जे क्रमवारीत खाली राहतील त्यांची टूरवरची जागा जाणार होती. धाकटी अगदी काठावर होती. वय वाढलेलं, नवऱ्यानं बॅग वाहण्यासाठी नोकरी सोडलेली. ही जागा गेली तर पुन्हा पात्रता फेरीत, कोवळ्या पोरींच्या रांगेत उभं राहायचं.

शेवटच्या होलवर तिचा चेंडू आमच्या खोलीखालच्या उंच गवतात येऊन पडला. शेजारी एक वाळकी काडी होती. ती उचलायला धाकटी उकिडवी बसली. नियम असा आहे की काडी उचलावी, पण त्यामुळे चेंडू जागचा सरकला तर दंड. काडी निघाली, चेंडू जरासा डुलला आणि होता तिथंच स्थिरावला. ताईनं तेवढ्यात मला ओठाला लावलं.

"अहो, सरकला की चेंडू! तिच्याजवळ कोणी टिकतं का?"

कप्तान खो-खो हसला. खाली खांदे हलले. धाकटीनं मान वर करून आमच्या खिडकीकडे पाहिलं, एवढंच. मग तिनं असा फटका मारला की चेंडू होलच्या कुशीत जाऊन थांबला, आणि पुढच्या टोल्याला आत गेला.

"वाचली की हो!" कप्तान म्हणाला.

ताईनं लाल बटण दाबलं. "वाचली मेली." त्या दोन शब्दांत चीड होती की सुटका, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

थोड्या वेळानं जिना वाजला. टोपीवाले पंच वर आले, चेहरा अगदी प्रसन्न.

"ताई, मानलं तुमच्या नजरेला! आमच्या कॅमेऱ्यात तिच्या नवऱ्याचा पाय आडवा आलाय, काही म्हणता काही दिसत नाही."

"कशाबद्दल बोलताय तुम्ही?"

"चेंडू सरकला त्याबद्दल. बाहेर पडताना तिनं लोकांकडून तुमचं बोलणं ऐकलं. फटक्यांच्या कार्डावर सही करायला आली ती म्हणतच आली, मला दंड लावा. मी विचारलं, तुम्हाला सरकलेला दिसला का? तर म्हणे, मला नाही दिसला, ताईला दिसला ना! चेंडूच्या बाबतीत तिची नजर चुकत नाही. दंडाचे फटके वाढवून सही करून गेली."

"म्हणजे जागा गेली?" कप्तानचं हसू मावळलं.

"गेली. पण सचोटी काय, सांगा!"

ताईनं मला टेबलावर ठेवलं. ठेवलं कसलं, सोडलं. जाळीवरचा हा पोचा तेव्हाचाच.

"सरकला नव्हता," ती म्हणाली. "डुलला आणि तिथंच बसला. डुलल्याला दंड नाही."

"मग तुम्ही सरकला का म्हणालात?"

"गंमत केली."

पंचांनी टोपी काढली. "बाई, सही झाली आता. कमी फटके लिहून सही केली असती तर बाद झाली असती. जास्त लिहिले, तर तेच कायम राहतात. नियम..."

"नियम मला सांगू नका. मीच शिकवलाय तिला."

ते उतरतात न उतरतात तोच धाकटी वर आली. मागे नवरा, खांद्यावर बॅग.

"ताई," ती म्हणाली. कितीतरी वर्षांनी तो शब्द तिच्या तोंडून आला, पण धोंडा टाकावा तसा. "पंच खाली काहीतरी बोलले. मला तुझ्या तोंडून ऐकायचंय. सरकला होता ना?"

"नाही."

"अहो, तुम्हाला लाज..." नवरा पुढे झाला.

"तुम्ही थांबा हो. ताई, बॅग काढून घेतली, त्याचा सूड का हा?"

"सगळ्यांच्या देखत घेतलीस!"

"फार बोलत होतीस. तेव्हाही."

"मग आज कशाला ऐकलंस माझं? कोणी सांगितलं होतं ऐकायला?"

"सांगायला कशाला हवं? मला वाट्टेल ते बोलायचीस, रोज बोलायचीस. पण चेंडूबद्दल तू कधी खोटं बोलली नव्हतीस." धाकटीनं डोळे पुसले नाहीत, कारण ते कोरडेच होते. "झालं तुझ्या मनासारखं. आता नाव घेऊ नकोस माझं. चला हो."

पावलं जिन्यावरून खाली गेली. तेवढ्यात भिंतीवरच्या स्पीकरमधून प्रसारणाच्या दिग्दर्शकाचा आवाज आला, "ताई, बक्षीस समारंभाला वेळ आहे. काहीतरी हलकंफुलकं येऊ द्या."

ताईनं मला उचललं. माझी पट्टी ओठाला दोनदा चुकली.

"प्रेक्षकहो, मघाशी मी म्हणाले की चेंडू सरकला. तो सरकला नव्हता. मी खोटं बोलले. माझ्या बहिणीनं माझ्यावर विश्वास ठेवला आणि तिची जागा गेली."

कुणीतरी खुदकन हसलं, आणि बघता बघता हिरवळीभोवतीची सगळी माणसं हसू लागली. आता खेळ संपला होता, तोंड दाबायची गरज नव्हती. "नाही हो, खरंच!" ताई माझ्यात ओरडली. इतक्या वर्षांत ती पहिल्यांदाच माझ्यात ओरडली. लोक आणखी जोरात हसले, टाळ्या पडल्या. कप्तान मात्र खाली मान घालून बसला होता. आणि खिडकीखालून, त्या हसणाऱ्या गर्दीतून वाट काढत, धाकटी आणि तिचा नवरा फाटकाकडे चालले होते. धाकटीनं वळून पाहिलं नाही.

ताईनं त्यानंतर मला हात लावला नाही. मी आता सामानाच्या खोलीत, फुटक्या हेडफोनांच्या खाली पडलेला असतो. मला तिचा राग आहे, अजूनही आहे. खोटं कशाला सांगू?

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं माझ्यासारख्यानं शेवटी म्हणायचं असतं. मला जपा न जपा, माझं चालेल. पण तुमच्याशी अबोला धरलेलं एखादं माणूस असेल, तर त्याच्याबद्दल बोलताना शब्द जपून वापरा. ते तुमच्याशी बोलत नसेल, तुमचं तोंडही बघत नसेल. तुमचं बोलणं मात्र ते इतर सगळ्यांपेक्षा जास्त लक्ष देऊन ऐकत असतं.