खालची खेप

एर्विन सोबोलिक पिशवी घेऊन ‘मेरिबेल’वर चढला, तेव्हा दोर गुंडाळत बसलेला डर्क त्याच्याकडे न बघताच म्हणाला, “वर जाताना मिशिगनचा किनारा उजव्या हाताला असतो बरं का. तुला डावीकडे बघायची सवय.”

बोटीवरचे सगळे हसले. एर्विनही हसला, कारण बोलणं खोटं नव्हतं. तीस-बत्तीस वर्षं तो हे मिशिगन सरोवर ओळखत होता, पण एकाच दिशेनं. उत्तर टोकाच्या मॅकिनॉ बेटावरून दक्षिणेला शिकागोला, म्हणजे वरून खाली.

शर्यत खालून वर जाते. शिकागोच्या धक्क्यासमोर तोफ उडते आणि तीनशेहून जास्त मैल नुसत्या शिडांवर कापून बोटी मॅकिनॉला पोचतात. आमच्या आजोबांच्या जन्माआधीपासून हे चाललंय. कोणत्या साली कोणत्या वादळात कोणाची डोलकाठी मोडली हे इथल्या दारूच्या गुत्त्यांत इतकं बारकाईनं सांगतात, की सांगणारा त्या काठीवरच बसला होता असं वाटावं. पण वर गेलेली बोट खालीही आणावी लागते, याचा उल्लेख त्या इतिहासात कुठे सापडायचा नाही. शर्यत संपली की मालक विमानानं घरी. बोट आणायची एर्विनसारख्यांनी.

एर्विन शिकागोजवळच्या बर्विनमधल्या एका शाळेत बॉयलर सांभाळायचा. निवृत्त झाला तरी जुलै आला की बसनं उत्तरेला जायचा, बेटावर उतरायचा, आणि लोक बक्षिसं घेत असताना ‘मेरिबेल’ झाडून काढायचा. शर्यतीची महागडी शिडं पिशव्यांत, जुनी शिडं काठीवर. उशांखाली अर्धी सँडविचं, ओले मोजे, बिअरचे डबे. या कचऱ्यावरून तो निकाल सांगायचा. जिंकले असतील तर स्वयंपाकाच्या कोपऱ्यात उकिरडा असायचा. हरले असतील तर भांडी लख्ख, कारण शेवटचे काही तास कोणी कोणाशी बोललेलं नसायचं. मग तीन-चार दिवस खालची खेप. वारा बहुतेक तोंडावरच, म्हणून इंजिन लावायचं आणि धडधडत यायचं. त्यात कोणी वेळ मोजत नाही.

बोटीचे मालक ऑस्ट्रँडर दातांचे डॉक्टर. दर वर्षी बेटावर किल्ली हातात देताना ते एर्विनला म्हणायचे, “पुढच्या वर्षी तू आमच्याबरोबर वर चल.” मुळीच दुखणार नाही, असं रोग्याला ज्या आवाजात सांगायचे, त्याच आवाजात. एर्विन मान डोलवायचा. फेब्रुवारीत डॉक्टर गेले. बोट त्यांच्या मुलीकडे, कॉरिनकडे आली. तिला बोट झेपणारी नव्हती. मिलवॉकीच्या गिऱ्हाइकाशी व्यवहार ठरला, सप्टेंबरात ताबा. म्हणजे ‘मेरिबेल’ची ही शेवटची शर्यत. मे महिन्यात कॉरिननं एर्विनला फोन केला. बाबा तुम्हाला दर वर्षी काय सांगायचे ते मी लहानपणापासून ऐकत आलेय, म्हणाली, तेव्हा या वर्षी या. फार विचार करून बोलणारी बाई नव्हती ती. बोलून झाल्यावर मात्र शब्द फिरवायची नाही.

एर्विनला तिथे जाऊन काय हवं होतं, हे त्यानं शेजारणीला एकदा सांगितलं होतं. बेटाजवळच्या शेवटच्या रेषेवरून बोट गेली की पंच भोंगा वाजवतात. पहिल्या बोटीला वाजवतात तसाच शेवटच्या बोटीलाही. तो भोंगा त्यानं धक्क्यावर हातात झाडू घेऊन शेकड्यांनी ऐकला होता, सगळे दुसऱ्यांचे. आपण बोटीत असताना एकदा वाजावा, एवढंच.

आता डर्क. डर्क व्हेल्डहाउस जुन्या गाड्या विकतो, आणि माणसाकडेही टायर बघितल्यासारखा बघतो. त्याच्या चोवीस शर्यती झाल्या होत्या. पंचविसावी झाली की माणूस ‘म्हातारा बोकड’ होतो. हा आमच्याकडचा मान आहे. आंघोळीवाचून इतके दिवस काढलेल्या आणि तोंड आवरता न येणाऱ्या माणसाला दुसरं कोणतं नाव शोभेल? बेटावरच्या व्हरांड्यात जुने बोकड नव्यांची नावं पुकारतात, नवा बोकड उभा राहतो, सगळे बोकडासारखे बें-बें करतात. डर्कच्या गुडघ्याची वाटी ऑक्टोबरात बदलायची होती. पुढच्या वर्षी कोणती बोट त्याला घेईल, हे तो स्वतः विक्रेता असल्यामुळे पुरतं ओळखून होता. त्याचे दोन्ही मुलगे बायकापोरांसह बेटावरच्या हॉटेलात येऊन बसले होते.

पहिला दिवस छान गेला. एर्विननं त्याच्या पाळीत सुकाणू नेटकं धरलं. डर्कनंसुद्धा, कोणी विचारलं नसताना, म्हातारा बरा चालवतो असा शेरा दिला. रात्री कॉरिननं सूप गरम केलं, आणि वर जाताना किनाऱ्यावरचे दिवे कसे वेगळ्याच क्रमानं येतात हे एर्विन सगळ्यांना सांगत बसला. कोणी फारसं ऐकलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी वाटेतल्या मॅनिटू बेटांच्या अलीकडे वारा पडला. पाणी तुपासारखं थिजलं. अशा वेळी किनाऱ्यावरून माश्या येतात, काळ्या, घोट्यांनाच चावणाऱ्या. मोजे घातले तर मोज्यांतून चावतात. कॉरिन आणि बाकीची तिघं खाली झोपायला गेली. डर्क पुढे शिडाच्या सावलीत टोपी तोंडावर घेऊन पडला. सुकाणूवर एर्विन एकटा.

बॅटरी उतरली होती म्हणून कॉरिननं झोपायला जाण्याआधी इंजिन सुरू केलं होतं. ते चालतं, गिअर टाकायचा नाही, नुसतं चालू ठेवायचं, बॅटरी भरली की बंद. शर्यतीच्या नियमात बसतं. इंजिन पायाखाली एका लयीत घुरघुरत होतं. शिडं धुतलेल्या चादरींसारखी लोंबत होती. ऊन डोक्यावर. आणि वारा गेलाय, इंजिन चालू आहे, सुकाणू आपल्या हातात आहे, अशा वेळी एर्विनचा हात तीस वर्षं जे करत आला तेच त्यानं केलं. गिअरचा दांडा पुढे ढकलला.

बोट चालू लागली. तोंडावर जरा गार झुळूक आली. माश्या मागे राहिल्या. पुढे डर्कनं टोपीखालून समाधानानं म्हटलं, “आला बाबा वारा.”

“आला,” एर्विन म्हणाला. त्याला खरंच तसं वाटलं होतं.

किती वेळ गेला कोण जाणे. पाच-दहा मिनिटं असतील. इंजिनाचा आवाज बदलल्यानं कॉरिनला जाग आली असावी. ती जिन्यातून डोकं वर काढून आली, डोळे चोळत. तिनं शिडाकडे पाहिलं. शीड उलट्या बाजूला फुगलं होतं. मग तिनं बोटीमागच्या पाण्याकडे पाहिलं. तिथे पांढरा, सरळ पट्टा निघाला होता.

“एर्विन,” ती हळूच म्हणाली. “गिअर टाकलात?”

एर्विननं आपल्या हाताकडे पाहिलं. हात दांड्यावर होता. त्यानं दांडा मागे घेतला, आणि बोट होती तिथे हळूहळू थांबली. माश्या परत आल्या.

“हात गेला,” तो म्हणाला.

डर्क उठून मागे आला. काय झालं ते कळायला त्याला वेळ लागला नाही, पण पटायला लागला. आधी तो म्हणाला की आसपास एकही बोट नाही. मग म्हणाला की जेवढे पुढे आलो तेवढे मागे जाऊ, गोल फिरून पुन्हा इथे येऊ, म्हणजे फिटलं. आवाजानं वर आलेल्या तिघांपैकी एकजण म्हणाला, मागेही इंजिनावरच जाणार ना? त्यावर कोणी हसलं नाही. पोचल्यावर कप्तानाला, म्हणजे कॉरिनला, कागदावर सही करून द्यावी लागते, की इंजिन फक्त बॅटरीसाठी चालवलं. सही कोणी तपासत नाही. सगळी शर्यत त्या न तपासण्यावरच उभी आहे.

डर्क आता कॉरिनशी बोलत होता, आणि विक्रेत्याचा आवाज त्यानं कुठेतरी खाली ठेवला होता. “कॉरिन, तुझ्या बाबांबरोबर मी पहिली शर्यत केली तेव्हा तू एवढीशी होतीस. माझी पोरं तिकडे येऊन बसलीयेत गं. दहा मिनिटं. दहा मिनिटांनी कोणाचं काय घेतलं आपण?”

कॉरिन एर्विनकडे बघत होती. तिथे अगदी साधा प्रश्न होता, आणि तो तिलाच सोडवायचा होता. बोट विकली जाणार, डर्कचा गुडघा जाणार, एर्विन सत्तरीचा. तिनं सही केली तर तिघांचंही भागणार होतं. मला वाटतं, एर्विन गप्प राहिला असता तर तिनं सही केलीही असती.

एर्विन म्हणाला, “डॉक्टरांनी विचारलं, भोंगा कुणासाठी वाजला, तर मी काय सांगू?”

डर्क म्हणाला, “डॉक्टर मेलेत, एर्विन.”

“हो. मी आहे ना अजून.”

कॉरिन खाली गेली. रेडिओवर बोटीचं नाव, शिडावरचा नंबर सांगितला, आणि म्हणाली की ‘मेरिबेल’ शर्यतीतून बाहेर पडतेय. पलीकडच्या माणसानं आपुलकीनं विचारलं, सगळे सुखरूप आहेत ना, काय मोडलं?

“काही मोडलं नाही,” कॉरिन म्हणाली. “सगळं नीट चाललं.”

वर येऊन ती एर्विनला म्हणाली की आता तुम्हीच न्या, आता हे तुमचंच काम. तिच्या मनात टोचायचं नव्हतं, पण शब्दांना ते कळत नाही. एर्विननं दांडा पुढे ढकलला. डर्क त्याच्याकडे पाठ करून बसला आणि बेट येईपर्यंत तसाच बसला.

सोमवारी सकाळी ते बेटाअलीकडच्या मोठ्या पुलाखालून गेले. बाहेर पडलेल्या बोटीनं शेवटची रेषा ओलांडायची नसते, म्हणून एर्विननं ती डावीकडे ठेवून वळसा घातला. त्याच वेळी एक निळ्या शिडाची बोट रेषेवरून आत शिरली. तिला भोंगा मिळाला. त्या बोटीवरच्यांनी आनंदानं ‘मेरिबेल’कडेही हात हलवले. इकडच्यांनीही हलवले, सभ्यपणा म्हणून.

धक्क्यावर डर्कची पोरं उभी होती. नातवंडांच्या हातांत कागदी शिंगं. डर्क लंगडत उतरला आणि त्यांना म्हणाला, शीड फाटलं. शीड त्याच्या मागेच काठीवर उभं होतं, एक टाका न उसवलेलं. मुलांनी ते पाहिलं आणि काही विचारलं नाही. संध्याकाळी गुत्त्यातही तो हेच सांगत होता; एर्विनचं नाव त्यानं कोणापुढे काढलं नाही. हे डर्कच्या खात्यात जमेला मांडलंच पाहिजे. बेटावर असेपर्यंत तो एर्विनशी एक शब्द बोलला नाही, हे त्याच पानावर समोरच्या बाजूला.

व्हरांड्यात नवे बोकड पुकारले गेले. एर्विन तेव्हा बोटीवर होता. शर्यतीची शिडं घड्या घालून पिशव्यांत भरत होता. स्वयंपाकाच्या कोपऱ्यात झाडायला काही नव्हतं, भांडी लख्ख होती.

मंगळवारी पहाटे तो निघायला लागला तेव्हा कॉरिन पिशवी घेऊन आली. विमानाचं तिकीट सोडून दिलं म्हणाली. एर्विननं तिला सांगितलं की खालची खेप कंटाळवाणी असते, बोलण्यासारखं काही होत नाही.

“बाबा कधी आले होते?”

“नाही.”

ती आत गेली आणि कॉफी ठेवली.

पुलाच्या पश्चिमेला उजाडलं. तिथे उत्तरेच्या किनाऱ्याला धरून वाऱ्याची एक पट्टी होती. पाणी तेवढ्याच जागी काळसर, सुरकुतलेलं. एर्विन नुकताच तिच्यातून आला होता. ती ओलांडली की पुन्हा सगळं सपाट. आणि त्या सपाट पाण्यावर समोरून एक छोटी बोट येत होती. अजून शर्यतीत. सगळ्यांच्या मागे राहिलेली, चार माणसं, शीड जेमतेम भरलेलं. वेळेची मुदत दुपारी संपणार होती.

एर्विननं इंजिन बंद केलं. कॉरिननं कपातून वर पाहिलं. आपल्या बोटीची लाट त्यांच्यापर्यंत गेली असती तर शिडात होता नव्हता तो वारा झटकला गेला असता. हे तिला माहीत होतं, म्हणून तिनं विचारलं नाही. ‘मेरिबेल’ नुसती तरंगत राहिली. छोटी बोट इतक्या सावकाश जवळ आली की तिच्यावर कोणीतरी डब्यात चमचा फिरवत होतं तो आवाज ऐकू आला.

सुकाणूवरच्या बाईनं हाक दिली. चार दिवसांची झोप डोळ्यांत असलेली मध्यमवयीन बाई. “वरून आलात ना? पुढे वारा कुठे आहे हो?”

एर्विनला ते माहीत होतं. बोटानं दाखवता आलं असतं. पण बाहेरच्यानं वारा सांगितला की त्यांची शर्यत तिथेच संपते, आणि हे दमलेल्या माणसाच्या ध्यानात राहत नाही. त्यानं टोपी काढली, एकदा मान लववली, आणि तोंड मिटून उभा राहिला.

बाईनं पुन्हा विचारलं. तो तसाच.

“ऐकू येत नसेल म्हाताऱ्याला,” पुढे बसलेला कोणी म्हणाला. सपाट पाण्यावरून ते लख्ख ऐकू आलं.

छोटी बोट शेजारून गेली, मग मागे गेली. एर्विन टोपी हातात धरून तिच्याकडे बघत राहिला. बऱ्याच वेळानं तिचं शीड उत्तरेकडे, त्या काळसर पट्टीच्या बाजूला, किंचित कललं.

“जरा थांबू,” तो कॉरिनला म्हणाला. “अजून जवळ आहेत.”