लगबग की तडफड?

मित्रांनो, मला टेबलाला स्क्रूने आवळून ठेवलं आहे, नाहीतर मी केव्हाच पळून गेलो असतो. मी एक जुना सूक्ष्मदर्शक. कारखान्यात भिंगं घासणाऱ्या माणसाने मला कापसावर निजवलं, तीच माझी शेवटची शांत झोप. प्रयोगशाळेत माझ्यात डोकावणारा प्रत्येक नवा माणूस आधी स्वतःच्याच पापण्या पाहतो आणि ‘सापडलं!’ म्हणून ओरडतो. तरी माझं कौतुक व्हायचं. मग शेजारी नवं यंत्र आलं आणि लोक माझ्यावर स्वेटर टांगू लागले.

संशोधन करणाऱ्या ताईंना नव्या यंत्रावर पाळी मिळेना, म्हणून त्या माझ्याकडे वळल्या. माणसाच्या जिवंत पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या तंतुकणिका कशा फिरतात, ते त्यांना टिपायचं होतं. पेशींच्या काचेच्या बशा चारच. चित्र जमलं नाही तर त्यांचा विषय बंद आणि मी भंगारात.

पहिल्या बशीतल्या पेशी फुगल्या, थरथरल्या, बुडबुडल्या. ताईंच्या मार्गदर्शक बाईंनी टाळ्या वाजवल्या. “काय लगबग आहे गं! दिवा अजून वाढव.”

दुसरी बशी, तिसरी बशी. लगबग वाढतच गेली. माझा जीव खालीवर होत होता. तो प्रखर उजेड माझ्यातूनच जात होता, पण सांगायला मला तोंड कुठे आहे?

यंत्रं पुसणारे काका फडकं घेऊन आले आणि डोकावले. “बाई, ही लगबग नाही, तडफड आहे. दिव्याने भाजतायत त्या.”

“काका, तुम्ही भिंगं पुसा.”

“पुसतोच की. पण आता एकच बशी उरलीय. ताई, दिवा कमी करा.”

ताईंनी बाईंकडे पाहिलं, चौथी बशी ठेवली आणि बटण उलटं फिरवलं.

“आता काहीच दिसत नाही!” बाई म्हणाल्या.

“सिनेमाला उशिरा गेलं की खुर्ची तरी लगेच दिसते का?” काका म्हणाले. “थांबा जरा.”

थांबणं बाईंना जमत नव्हतं, पण थांबल्या. हळूहळू अंधुक धागे उमटले. तंतुकणिका सरकत होत्या, तुटत होत्या, पुन्हा जुळत होत्या. ताई भराभर चित्रं टिपू लागल्या. बाईंनी वहीत तीनदा लिहिलेली ‘लगबग’ गुपचूप खोडली.

त्या पेशी जिवंतच उबदार पेटीत परत गेल्या. मीही वाचलो. पण चैन पडत नाही. तीन बशांचं मरण मी इतकं स्पष्ट दाखवलं, की त्याला टाळ्या मिळाल्या. म्हणून विनंती, मित्रांनो: कोणाच्याही आत जरूर डोकवा, पण दिवा आपला असतो आणि जीव त्याचा, एवढं विसरू नका.