बिनपट्ट्याचा पंखा

पंचाक्षरीने ओलं फडकं चार पदरी करून रेडिएटरच्या झाकणावर टाकलं, तोंड बाजूला फिरवलं आणि झाकण जरा जरा करत सैल केलं. वाफेचा लोट बॉनेटखालून वर आला. तो ओसरल्यावर त्याने आत डोकावून पाहिलं. उसळून सांडलं तेवढं सोडलं तर पाणी भरपूर होतं.

कुंडलिकही शेजारून डोकावला. त्याला बघायचीसुद्धा गरज नव्हती, पण दुसऱ्या कुणाच्या तरी डोळ्यांनी ते पाणी बघितलं जावं, एवढ्यासाठी तर तो ही गाडी बाळे गावापासून थांबत, निववत, सोलापुरात पुणे नाक्याजवळच्या पंचाक्षरीच्या गॅरेजात घेऊन आला होता.

"बगा अप्पा. हाय का न्हाय पानी? रोज सकाळी मी भरतोय. पर ऐकतंय कोन?"

ऐकत नव्हते ते डॉक्टर कुर्डूकर. जर्मनीत सर्जरी शिकून आलेले, येताना ही करड्या रंगाची गाडी बोटीतून घेऊन आलेले, आणि बाकी सगळं ठीक असलं तरी नाकाच्या शेंड्यावर राग घेऊन फिरणारे. कुंडलिक त्यांचा ड्रायव्हर. होळी झाली, ऊन तापलं, आणि गाडी बार्शीच्या रस्त्यावर उकळायला लागली. डॉक्टरांनी दोष तिथल्या तिथे ठरवून टाकला होता. ड्रायव्हर आळशी आहे, पाणी बघत नाही. आज सकाळी निघतानाच त्यांनी सांगितलं होतं की आता एकदा उकळली तर तू आपला गावी, करकंबला जा. आणि दुपारी बाळ्याजवळ ती उकळलीच. डॉक्टर एक शब्द न बोलता उतरले, टांगा थांबवला आणि दवाखान्यात गेले. शिव्या दिल्या असत्या तर कुंडलिकला बरं वाटलं असतं.

नोकरी गेली की बंगल्यामागची खोली जाणार, खोली गेली की दोन्ही पोरींची इथली शाळा जाणार. बायकोला, वच्छलाला, काय सांगायचं याची जुळवाजुळव त्याने वाटेतच सुरू केली होती, पण जुळत काहीच नव्हतं.

पंचाक्षरीचं मात्र त्याच्या गाऱ्हाण्याकडे लक्ष नव्हतं. तो गाडीचा पंखा बघत होता. बोटाने पातं ढकललं, तर ते सुटं फिरलं. त्याने पंख्याच्या मागे हात घातला, खाली वाकून पाहिलं, परत वरून पाहिलं. सोलापुरातल्या झाडून सगळ्या गाड्यांचे पंखे त्याच्या हाताखालून गेले होते. पंखा म्हटला की त्याला पट्टा आला. इंजिन फिरलं की पट्टा फिरतो, पट्टा फिरला की पंखा. या पंख्याला पट्टाच नव्हता. कुणाशी देणंघेणं नसल्यासारखा तो रेडिएटरला टेकून एकटा उभा होता.

"ह्याला फिरवतंय कोण मग?" त्याने विचारलं.

कुंडलिकने आवाज खाली आणला. म्हणाला, हा आपला आपण फिरतो. गाडी चालू असताना कधी फिरेल, कधी फिरणार नाही. पण खरी गंमत पुढेच आहे. गाडी बंद करावी, किल्ली काढून खिशात घालावी, दार लावून निघावं, आणि मागे हा सुरू व्हावा. बाराच्या उन्हात, कुणी जवळ नसताना. आणि मनासारखं झालं की परत आपणच थांबावा. पहिल्या वेळी कुंडलिकने पोर्चमधून घरापर्यंत धूम ठोकली होती आणि मालतीबाईंना, म्हणजे डॉक्टरांच्या मंडळींना, बोलावून आणलं होतं. त्या हसल्या, पण त्याही हसता हसता दोन पावलं मागे सरकल्या होत्या.

"काय बी सांगतोस बे," पंचाक्षरी म्हणाला. पण हात मात्र त्याने पंख्यातून काढून घेतला.

होळीपासून पंखा काही फिरला नव्हता. ते तू डॉक्टरांना सांगितलंस का, असं पंचाक्षरीने विचारल्यावर कुंडलिकने नकारार्थी मान हलवली. पाणी भरतो हे जिथे ऐकलं जात नाही, तिथे पंखा रुसलाय हे कोण ऐकणार?

पंचाक्षरीने बॅटरीपासून एक वायर ओढली आणि पंख्याच्या मोटरला लावली. पंखा भर्रकन सुटला. कुंडलिकच्या टोपीची कड हलली. म्हणजे पंखा धडधाकट होता, त्याला वीज पोचत नव्हती एवढंच. मग रेडिएटरच्या खालच्या अंगाला पितळेचं एक बटण सापडलं, त्यातून दोन वायरी निघाल्या होत्या. पंचाक्षरी त्या वायरीमागे बोट फिरवत निघाला. त्या जाऊन पोचल्या पुढच्या दिव्यामागे, एका पत्र्याच्या डबीत. काड्यापेटीएवढी डबी. तिच्यात दोन बारीक वायरी शिरत होत्या, दोन जाड.

तो तसाच वाकलेला राहिला. त्याच्या ओठांवरून काहीतरी कानडीत गेलं.

"आलं ध्यानात," तो म्हणाला. मग हळू आवाजात त्याने कुंडलिकला समजावलं. पाणी तापलं की ते पितळी बटण आपणहून मिटतं. मिटलं की डबीला हाक जाते. डबीत लोहचुंबक आहे, तो टिक करून आतली पत्री ओढतो आणि पंख्याला वीज सोडतो. किल्लीचा ह्यात संबंधच नाही. गाडी निजली तरी हे जागं राहतं, पाण्याला ताप आहे का ते बघत.

"आन् ताप उतरला की?"

"परत निजतं."

कुंडलिकला वाटलं होतं, कळल्यावर त्यातली भीती जाईल. भीती गेली, पण अंगावरचा काटा काही गेला नाही. उलट वाढला. भूतबीत असतं तर एक वेळ समजलं असतं. हे कुणा माणसाच्या डोक्यातून निघालं होतं.

पंचाक्षरीने त्या बटणाच्या दोन्ही वायरी एकमेकींना जोडल्या आणि डबीवर बोट ठेवलं. काही हललं नाही. डबीच्या दोन जाड वायरी जोडल्या, तर पंखा लगेच फिरला. आता शंका उरली नव्हती. वीज दारापर्यंत येत होती, दार उघडणाराच मेला होता. त्याने डबी काढली, बाकड्यावर ठेवली आणि पातळ पेचकसाने तिचं टोपण उचकटलं.

आत हिरवा बुरा चढला होता. चुंबकावर गुंडाळलेली केसाएवढी तार जागोजाग खाऊन तुटली होती. आणि त्या हिरव्यावर लाल. पंचाक्षरीने नखाने जरासं खरवडलं, अंगठ्यावर घासलं, नाकाशी नेलं.

ते कुंकू होतं. कोपऱ्यात खोबऱ्याची काळी पडलेली एक कपची चिकटलेली होती.

"पूजा केली काय रे ह्याची कुणी?" पंचाक्षरी म्हणाला. तो स्वतः कपाळावर भस्माचे पट्टे ओढणारा, दसऱ्याला आपल्या पान्यांनासुद्धा ओढणारा माणूस, पूजेला त्याची ना नव्हती. पण असं आतमध्ये नारळाचं पाणी कुणी ओततं का? ज्याला पूजा ठाऊक आहे तो असं करणारच नाही, हे कुणा अडाण्याचं काम, असं तो पुटपुटला.

कुंडलिकने ते शेवटचं ऐकलंच नाही. गेल्या साली गाडीला त्याने घातलेली झेंडूची माळ डॉक्टरांनी स्वतः काढायला लावली होती. ही गाडी आहे, बैल नव्हे, असं म्हणून. तेव्हापासून त्याने साधं लिंबू बांधलं नव्हतं. मग उरलं कोण? मालतीबाई. त्या घरात देवघर नव्हतं, पण स्वयंपाकघरात डब्यांच्या मागे बाईंची अन्नपूर्णा होती, ती कुंडलिकने पाहिली होती आणि पाहिली नाही असं धरलं होतं. त्याची पोर तापाने फणफणली होती तेव्हा ह्याच बाई उशाशी बसून राहिल्या होत्या.

नाक्यावर टांगा थांबला. डॉक्टर कुर्डूकर उतरले. पांढरा शर्ट घामाने पाठीला चिकटलेला, कपाळाला आठी. गाडीकडे जाताना ते कुंडलिकच्या अंगावरून गेले, पण बोलले पंचाक्षरीशी. विचारलं, इंजिन बसलं का?

इंजिन ठणठणीत आहे, पाणी काठोकाठ होतं, ड्रायव्हरची काही चूक नाही, असं पंचाक्षरीने सांगितलं. कुंडलिकच्या छातीवरचं ओझं उतरलं, पण क्षणभरच. कारण पंचाक्षरीने ती उघडी डबी तळहातावर घेऊन पुढे केली.

"कुणीतरी ह्यात नारळ वतलाय, डॉक्टर. त्यानं गंजली बगा ही."

डॉक्टर डबीकडे बघत राहिले. आठी गेली, पण तोंडावर दुसरं काही आलं नाही. कुंडलिकला ती शांतता सोसेना. आता घरी जाऊन हे बाईंना काय काय बोलतील ते त्याला दिसायला लागलं.

"म्या वतलं सायेब," तो म्हणाला. "चुकी झाली."

"कधी?"

"दसऱ्याला."

डॉक्टरांनी मान वर केली. "दसऱ्याला तू करकंबला होतास. सोनं वाटायला रजा घेतली होतीस. आणि मालती माहेरी होती." त्यांनी डबी हातात घेतली. "मी ओतलं."

डॉक्टर बाकड्याच्या कडेला टेकले आणि डबीकडेच बघत, दुसऱ्या कुणाची हकीकत सांगावी तसं सांगत गेले. दसऱ्याच्या दिवशी बार्शीहून निरोप आला होता. एक बाळंतीण होती, रक्त थांबत नव्हतं. ते थांबवलं, तर हृदय थांबलं. येत होतं ते सगळं त्यांनी केलं. मग हात काढून घेतला, नर्सला म्हणाले, नवऱ्याला आत बोलावा. आणि त्यानंतर, कुणाचाही हात लागलेला नसताना, ते हृदय परत चालू झालं.

"मी काही केलं नव्हतं," डॉक्टर म्हणाले. "सगळ्यांना वाटलं मीच केलं. सासूनं पाया पडून नारळ आणि कुंकवाची पुडी दिली. ती मागच्या सीटवर टाकली आणि घरी आलो. गाडी बंद केली. किल्ली काढली. घरात कुणी नव्हतं. आणि हा सुरू झाला."

त्यांनी पंख्याकडे बोट केलं.

"हा कसा चालतो ते मला पाठ आहे. तरी पण उतरवेना. आमच्या घरात देव नाही. आभार तर मानायचे होते. कुणाचे, ते कळेना. मग ह्या डबीचं टोपण काढलं आणि नारळ, कुंकू हिलाच वाहिलं."

पंचाक्षरी मागच्या भंगारात गेला आणि एका मोडलेल्या गाडीच्या हॉर्नची, तसलीच चार वायरींची डबी शोधून आणली. दिवा लावून तपासली. बसवताना मात्र ती त्याने दिव्यामागे बसवली नाही, वर, आडोशाला, जिथे पाण्याचा थेंब पोचणार नाही अशा जागी पत्र्याला पक्की केली. वायरी लांबवल्या. कुंडलिकने इंजिन सुरू केलं, तापमानाचा काटा वर चढू दिला, आणि पंचाक्षरीने हात वर केल्यावर पंख्याची वाट न बघता किल्ली फिरवून गाडी बंद केली.

तिघे बॉनेटपुढे उभे राहिले. इंजिन निवताना करतं तसे बारीक आवाज करत होतं. काही झालं नाही. आणखी थोडा वेळ काही झालं नाही. पंचाक्षरीने ओठ आवळले.

टिक.

पंखा फिरायला लागला. गरम वारा आधी पायांवर आला, मग सगळीकडे. कसं चालतं ते आता तिघांनाही माहीत होतं, आणि तिघेही कुणी मोठं माणूस आत यावं तसे ताठ झाले होते. पंखा थांबेपर्यंत कुणी जागचं हललं नाही.

थांबल्यावर डॉक्टर कुंडलिककडे वळले.

"कुंडलिक, पाणी तू रोज भरत होतास."

"व्हय, सायेब."

डॉक्टर मान हलवत राहिले. मग विचारलं, "नारळ फोडायचा कुठं असतो रे?"

कुंडलिकने आधी पंचाक्षरीकडे बघितलं.

"भुईवर, सायेब. चाकाच्या म्होरं. आत न्हाय वतायचा."

"बरं," डॉक्टर म्हणाले आणि जाऊन मागच्या सीटवर बसले. काच खाली करून त्यांनी सांगितलं, "वाटेत एक घे. तू फोड. मी उभा राहतो."