रुखमाबाईच्या सहीमागची फाईल

मी एक जुनी फाईल आहे, मित्रांनो. लाल फितीनं बांधलेली, कोपरे उंदरानं खाल्लेली, तसली नव्हे. मी कॉम्प्युटरच्या पोटातली. माह्या नावामागं डी.एल.एल. अशी तीन अक्षरं आहेत. मोताळ्याच्या पुढं एका गावच्या ग्रामपंचायतीत खिडकीपाशी जो कॉम्प्युटर आहे, त्यात मी राहते. माह्यावर क्लिक केलं तरी मी उघडत नाही. उगाच करून पाहू नका.

मले कोणी लिहिलं, माहीत नाही. सही करायचं टोकन आलं, म्हणजे पेनड्राइव्हसारखी एक बोटभर वस्तू, त्याच्यासंग मी आली. ऑपरेटर अनुपमानं काही न वाचता नेक्स्ट, नेक्स्ट, नेक्स्ट दाबलं अन् मी हजारो फायलींच्या गर्दीत जाऊन बसली.

काम एकच. टोकनात सरपंचाची सही कुलूपबंद असते. कोणी पिन टाकला का तो मी टोकनापर्यंत नेते. बरोबर निघाला तर सही कागदावर आणून देते. एक दिवस गावातल्या मोतीरामच्या नातीचा जन्माचा दाखला अन् खुद्द मोतीरामचा मृत्यूचा दाखला पाच मिनिटांत मागंपुढं निघाले. बाहेर बाया रडत होत्या. मले काही झालं नाही. सही उमटली का लोक प्रिंटरचं कौतुक करतात. अडली का मंग माहं नाव निघते. त्याचंही काही वाटत नाही.

गावच्या सरपंच रुखमाबाई. टोकन मात्र त्यांच्या नवऱ्याच्या, वामनरावांच्या खिशात. पिन म्हणजे वामनरावांच्या मोटरसायकलचा नंबर. दोन वर्षांत रुखमाबाईच्या सहीचे सहाशेवर कागद मी पार केले, पण कीबोर्डवर त्यांचं बोट एकदाही नव्हतं. मी विचारलं नाही. विचारणं माह्यात लिहिलेलंच नाही.

मंग एका बाजाराच्या दिवशी वामनराव मोताळ्याले गेले अन् टोकन धुवायच्या शर्टात राह्यलं. रुखमाबाई ते पदराच्या गाठीत बांधून हापिसात आल्या.

"अनुपमा, ह्याच्यात माही सही हाये म्हणतात?"

"हाव काकू."

"अन् मलेच सोडून सारे करतात?"

अनुपमानं टोकन घेऊन कॉम्प्युटरले लावलं.

"शाळेमागच्या गायरानावर दगड फोडून गिट्टी करायचं मशीन बसून राह्यलं म्हणे. उद्या त्याच्या परवानगीवर माही सही होणार हाये, अन् मले ते नळावर समजलं. सारी धूळ लेकरायच्या छातीत जाईन ना पोरी! पिन बदलता येते का?"

"येते. आधी जुना टाका."

"तो तं गावातल्या बकऱ्यायलेही पाठ हाये."

रुखमाबाईनं एका बोटानं, एकेक आकडा शोधत नवा पिन टाकला. तो मले माहीत आहे. सांगणार नाही.

टोकन गुपचूप शर्टात वापस गेलं असन, कारण दुसऱ्या दिवशी ते वामनरावांसंगच आलं. मागं मशीनचे मालक अर्जुनराव.

"दोन मिनिटांचं काम हाये अर्जुनराव. चहा घ्या तवरक."

पिन टाकला. चूक. पुन्हा टाकला. चूक.

"अनुपमा, काय झालं व ह्याले?"

"घाईत बोट सरकत असन काका. जरा हळू टाका," अनुपमा म्हणाली. तिच्या चेहऱ्यावरची रेघही हलली नाही.

वामनरावांनी एकेक आकडा मोठ्यानं म्हणत टाकला. अर्जुनरावही सुरात म्हणू लागले. चूक. आता एकच चान्स राह्यला होता. तोही गेला असता तर टोकनच बंद पडलं असतं. मले हसता येत नाही. मी नुसती पाटी दाखवली: पिन चुकीचा, अन् खाली माहं नाव.

"ती फाईल खराब झाली. काढून फेक तिले!" वामनराव अनुपमावर ओरडले.

"फाईल चांगली हाये." दारात रुखमाबाई उभ्या होत्या. "पिन मी बदलला."

"काऊन?"

"सही माही हाये म्हणून."

"चार लोकायपुढं माही इज्जत काढून राह्यली तू?"

"करते ना सही. उठा, खुर्ची द्या मले."

वामनरावांनी अर्जुनरावांकडं पाह्यलं. अर्जुनरावांनी चहात पाह्यलं. वामनराव उठले.

रुखमाबाईनं अनुपमाकडून मशीनच्या परवानगीचा कागद मोठ्यानं वाचून घेतला, पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत. मंग तो बाजूले ठेवला अन् दुसरा टाईप करायले लावला. ग्रामसभेत विषय ठेवल्याबिगर ह्या मशीनले सरपंचाची सही मिळणार नाही. एवढंच. खाली पिन टाकला. बरोबर. सही उमटली.

बाईनं स्वतः केलेली ती पहिली सही, मित्रांनो. अनुपमाच्या डोळ्यात पाणी आलं म्हणे. मले ती आधीच्या सहाशेंसारखीच होती. तेवढाच वेळ, तेवढंच काम. बोट कोणाचं, हे मी तपासत नाही. उद्या दुसऱ्या कोणी बरोबर आकडे टाकले तर त्याचंही मी मुकाट्यानं करून देईन. म्हणून माह्या भरवशावर राहू नका. आज घरी गेले का आईले विचारा, तुह्या नावाच्या बँक कार्डाचा पिन कोणाकोणाले माहीत आहे. तिनं दोन-चार नावं घेतली, तर तिच्यापाशी बसा अन् तो बदलायले शिकवा.

अन् ती नवा पिन टाकू लागली का तुम्ही तोंड तिकडं फिरवा.