कॅमेऱ्याशेजारची जागा

व्हर्ना हॅस्केलचे केस मी कित्येक वर्षं बसवले. हॉलिवूडमधल्या ज्या स्वस्तातल्या स्टुडिओंत आठवड्याभरात एखादा राक्षसाचा चित्रपट उरकून टाकत, तिथे ती नायिकेची मैत्रीण असायची, नाहीतर शास्त्रज्ञाची बहीण. बहुतेक वेळा अर्ध्यातच मरायची. किंचाळायची मात्र अशी, की वर शिडीवर बसलेले दिवेवालेही दचकायचे.

तिला एकाच गोष्टीचा मनस्वी संताप यायचा. आमच्याकडे रीत अशी, की आपल्या चेहऱ्याचा क्लोजअप घेऊन झाला तरी नटाने हलायचं नाही. कॅमेऱ्याशेजारी उभं राहून समोरच्याला संवाद द्यायचे, म्हणजे त्याला कुणाच्या तरी डोळ्यांत बघून बोलता येतं. मोठी नटमंडळी आपलं काम झालं की घरी पळत. मग संवाद तपासणारी बाई भाजीची यादी वाचावी तसे संवाद वाचायची, आणि तिच्या चष्म्याकडे बघत व्हर्नाने रडायचं.

"मेल्यांना लाज कशी वाटत नाही गं, ओपल?" माझ्या खुर्चीत बसून ती म्हणायची. "माझा चेहरा काय फुकटचा आहे?"

मग राक्षसी गोगलगायीच्या चित्रपटात तिला आईची भूमिका मिळाली. मुलीचं काम करत होती लोरेन पिकेट, ओहायोहून नुकतीच आलेली पोर. आई मुलीला निरोप देते तो प्रसंग होता. व्हर्नाचा क्लोजअप आधी घेतला. कॅमेऱ्याशेजारी उभी राहून लोरेन खरंखुरं रडली, व्हर्नाला रडू यावं म्हणून. व्हर्नाने असं काम केलं, की माझेही डोळे भरून आले.

आता लोरेनची पाळी. दिवे हलवत होते तेवढ्यात व्हर्नाच्या एजंटचा फोन आला. एका मोठ्या स्टुडिओला तिला आत्ताच बघायचं होतं. रंगीत चित्रपट, नायिकेच्या आईचं मोठं काम. दिग्दर्शक म्हणाला, "जायचं तर जा. वाचायला बाई आहे."

व्हर्नाने माझ्याकडे बघितलंच नाही. स्वतःच्या गालावर हात ठेवून ती लोरेनला म्हणाली, "पोरी, दात फार ठणकतोय गं. डॉक्टरकडे गेलंच पाहिजे."

"जा ना, मिस हॅस्केल, माझी काळजी करू नका."

पोरीने चष्म्याकडे बघून निरोप घेतला. चित्रपट लागला तेव्हा नेमक्या त्याच जागी, लोरेनच्या रडण्याला, लोक खो खो हसले. व्हर्ना माझ्या शेजारी बसली होती. तिने माझा हात इतका आवळला की नखं रुतली. रंगीत चित्रपटातली आई दुसरीच कुणीतरी झाली होती. त्या दिवसापासून व्हर्नाने पळपुट्या नटांना शिव्या देणं बंद केलं. मीही विषय काढला नाही. मैत्रीण होती ना माझी.

पुढे लोरेनचं नाव झालं. लोक हसले ते विसरलेही. एका चित्रपटात ती घराची मालकीण, आणि व्हर्ना तिची मोलकरीण मार्था; राक्षसाला घरात येऊ देणारी. व्हर्नाला एकच क्लोजअप होता, तोही दिवसाच्या शेवटी. लोरेनचं काम केव्हाच संपलं होतं. बाहेर गाडी उभी होती. पण ती कॅमेऱ्याशेजारी येऊन उभी राहिली. टाचांचे बूट काढून, अनवाणी.

"तुम्ही घरी गेलात तरी हरकत नाही, मिस पिकेट," दिग्दर्शक म्हणाला.

"हे काय बोलणं झालं? मी थांबणार." मग व्हर्नाकडे वळून हळूच, "दात बरा आहे ना आता?"

ते मायेने विचारलं होतं की टोचून, मला आजही सांगता येत नाही. व्हर्नाचा चेहरा पावडरखाली लाल झाला.

कॅमेरा सुरू झाला. लोरेनने जीव ओतून संवाद दिला. व्हर्नाची मान वर होईना.

"कट! अहो बाई, मला भीती हवी आहे. तुम्ही चोरी पकडली गेल्यासारख्या काय उभ्या आहात?"

पुन्हा घेतला. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा दिग्दर्शक कपाळाला हात लावून बसला, तरी कॅमेरा चालूच होता. लोरेनने आपला संवाद न कंटाळता पुन्हा दिला: "दार कुणी उघडलं, मार्था?"

व्हर्नाने मान वर केली.

"दात दुखत नव्हता," ती म्हणाली. "मी दुसरं काम मागायला गेले होते. तुला तसंच सोडून."

सेटवर कुणाला काही कळलं नाही. मला कळलं, आणि जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं.

लोरेन जागची हलली नाही.

"माहीत आहे मला. तेव्हाच माहीत होतं," ती म्हणाली. "बघा माझ्याकडे. मी इथेच आहे. तुमचा संवाद म्हणा."

व्हर्नाने तिच्याकडे बघत संवाद म्हटला.