आरव म्हणजे काय

बारशाला मान आत्याचा, तिथं आईला कोण विचारतं? खुशबूची नणंद कामिनी वरठीहून आली ती मोबाइलमध्ये नाव शोधूनच आली, आणि पाळण्यात वाकून बाळाच्या कानात तीनदा 'आरव' म्हणून मोकळी झाली. घुगऱ्या वाटल्या, बाया घरी गेल्या. अर्थ कोणीच विचारला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी खुशबूने तो सहज मोबाइलवर पाहिला. आरव : शांत.

तिने मोबाइल पालथा ठेवला. दोन वर्षांपूर्वी दवाखान्यात तिची पहिली मुलगी काचेच्या पेटीत सहा दिवस रडत होती. सातव्या दिवशी सिस्टर बाहेर येऊन हळूच म्हणाली, "तुमचं बाळ शांत झालं." आणि ही वेडी पोर हसून म्हणाली, "बरं झालं जी, लय रडत होती." त्या शब्दाचा दुसरा अर्थ तिला सिस्टरच्या चेहऱ्यावरून कळला. आपलं ते हसू खुशबूला अजूनही सहन होत नाही.

आणि हा पोरगाही पंधरा दिवसांत मोकळ्या गळ्याने रडला नव्हता. सासू बेबीबाई त्याला गुणी म्हणायची. खुशबू घडोघडी त्याच्या नाकाखाली बोट धरून बघायची.

"नाव बदलू ना जी," ती सासूला म्हणाली.

"कानात सांगतलेलं नाव माघारी घेत नाईत, खुशबू. कामिनीले काय वाटन?"

"अन् माह्या पोराले काई झालं तं?"

बेबीबाईने तोंड फिरवलं. नवरा धनराज तलावातून जाळं काढून आला की दुपारी ग्रामपंचायतीत नाव नोंदवायला जाणार होता. म्हणजे आता एकच मार्ग उरला. नाव राहणारच असेल, तर अर्थ खोटा निघायला हवा. खुशबूने मोबाइलवर आणखी पाच ठिकाणी पाहिलं. पाचही जणांनी एकमेकांची वही बघून उतरवलेलं, शांत, शांत, शांत. एका ठिकाणी 'शांत, मधुर' होतं. त्या मधुरला काय चाटायचंय?

बाळाला सासूजवळ टाकून ती देवाजी गुरुजींकडे धावत सुटली. गुरुजींनी अड्याळच्या शाळेत जन्मभर संस्कृत शिकवलेलं. कानाला फडकं बांधलेली बाळंतीण भर उन्हात पळताना पाहून दारादारांत बाया उभ्या राहिल्या.

"गुरुजी, आरव म्हंजे शांत का जी?"

"पाहिल्याबिगर सांगत नाई मी." गुरुजींनी सुतळीने बांधलेला जाडजूड कोश काढला, गाठ सोडली, आणि बोट ठेवून वाचू लागले. आरक्त... आरण्य... खुशबू हात जोडून उभी होती.

"कोण म्हणते शांत?" गुरुजी एकदम भडकले. "रव म्हंजे आवाज. आरव म्हंजे मोठा आवाज, ओरडणं! साफ उलटं सांगून राहिले लेकाचे."

"रडणं पण?"

"रडणं पण."

"अन् पुस्तक चुकलं असन तं?"

"तं मग मी चाळीस वर्षं चुकलो, पोरी."

ती आली तशीच पळत परतली. बाळ पाळण्यात निपचित होतं. "आरव," तिने हाक मारली. काही नाही. नाकाखाली बोट धरलं, पण पळून तिला स्वतःलाच एवढी धाप लागली होती की त्याचा श्वास लागतो की नाही ते कळेना. तेव्हा ज्या पोरावर ती जीव ओवाळून टाकत होती, त्याच्याच मांडीला तिने करकचून चिमटा काढला.

क्षणभर काहीच झालं नाही. मग पोरगा लालबुंद झाला, तोंड फाकलं, आणि त्याने असा टाहो फोडला की अंगणात जाळं वाळत घालणारा धनराज ओल्या हातांनीच आत आला.

"काहून रडवून राहिली वो लेकराले?" बेबीबाई ओरडली.

खुशबू पाळण्याची दोरी धरून खाली बसली होती. तिचेही डोळे घळाघळा वाहत होते.

"रडू द्या जी," ती म्हणाली. "आपलं नाव सांगून राहिला तो."