हवेत फेकलेला चेंडू

त्या दुपारी थॅडियस मोझलीच्या पदरात बरंच पडण्यासारखं होतं: मोठ्या संघात जागा, झोपायला बसच्या बाकाऐवजी पलंग, आणि वर्तमानपत्रात नाव, तेही न चुकता छापलेलं. सत्तेचाळीस साल. गोऱ्यांच्या संघांनी काळ्या खेळाडूंसाठी दार बोटभर उघडलं होतं. त्यांचा एक पारखी मिसिसिपीतल्या त्या गावी येऊन सावलीत बसला होता.

थॅडियस आमच्या गावोगाव फिरणाऱ्या काळ्यांच्या बेसबॉल संघाचा पिचर, म्हणजे चेंडू फेकणारा. वय एकतीस, पारख्याला आम्ही पंचवीस सांगितलेलं. गाव त्याला हाक मारायचं ती मात्र 'पोरा'.

सामन्याआधी आम्ही नेहमीची गंमत केली. चेंडू नाहीच, तरी फेकायचं, टोलवायचं, झेपावायचं. गोरे तिकीट काढतात ते याच्यासाठी. आम्ही खरं खेळायला लागलो की त्यांचे चेहरे उतरतात.

सामना गावच्या गोऱ्या संघाशी. अंपायर हॅस्केल गावचाच, फलंदाज त्याचा भाचा. शेवटचा डाव, बरोबरी, त्यांचे तिन्ही बेस भरलेले. चार फेकी 'बाहेर' ठरल्या की फलंदाजाला फुकट बेस, त्यांना एक धाव, आणि सामना गेला. थॅडियसच्या तीन फेकी अगदी मधोमध गेल्या. हॅस्केल तिन्ही वेळा ओरडला, "बाहेर!"

"साहेब, जरा वाकून बघा की," फलंदाजामागे बसून चेंडू झेलणारा आमचा कॅचर क्रम्प म्हणाला.

"मला शिकवतोस, पोरा?"

"छे हो. चेंडूला शिकवतोय."

क्रम्प आणि मी थॅडियसजवळ गेलो.

"थॅड, गप हरू दे," क्रम्प कुजबुजला. "पारखी बघतोय."

"माझ्या हातानं हरलो तर हरलो. याच्या तोंडानं नाही हरणार."

त्यानं चेंडू बगलेत दडवला, हात गरगर फिरवला आणि काहीच फेकलं नाही. क्रम्पनं हातमोज्यावर मूठ हाणली. चटाक्! भाचा दचकून मागे सरला.

"बाहेर!" हॅस्केल गरजला.

थॅडियसनं बगलेतून चेंडू काढून उंच धरला. आधी दोर बांधून वेगळ्या बसवलेल्या आमच्या लोकांत हशा फुटला. मग, देवाशप्पथ, गोऱ्यांतही.

शेरीफ मैदानात आला. "सामना आमचा. तुम्ही गाडीत बसा."

निघताना आमच्या मॅनेजरनं पारख्याला विचारलंच, "साहेब, हात कसा वाटला?"

"हात सोन्याचा. पण असला स्वभाव आम्हाला परवडत नाही."

स्वभाव म्हणे! हॅस्केलचा स्वभाव कुणी तपासला नाही.

गावाला विजय मिळाला. पुढच्या रविवारी हॅस्केलच अंपायर होता. पारखी कलिंगड खाऊन गेला. आम्हाला जन्मभर पुरेल एवढं हसू मिळालं. या साऱ्याची किंमत भरली एकट्या थॅडियसनं. पुढची सहा वर्षं, त्याच बसच्या बाकावर.